लष्करी बदलीचं सामान स्वतः हलवताय? भरपाईचा अंदाज लावताना या चुका टाळा

ऊस कारखान्यावर नेला की ट्रॅक्टर-ट्रॉली दोनदा काट्यावर चढते. आधी भरलेली, मग ऊस उतरवल्यावर रिकामी. दोन वजनांतला फरक तो आपला ऊस आणि त्याचेच पैसे. कराडकडच्या शेतकरी घरात वाढले, त्यामुळे हे मला कुणी वेगळं शिकवलं नाही. नवरा अमेरिकेच्या आर्मीत. पहिल्या बदलीला आम्ही टेक्सासच्या फोर्ट ब्लिसहून वॉशिंग्टन राज्यात लुईस-मकॉर्डला गेलो आणि सामान स्वतःच हलवलं. तेव्हा हीच काट्याची गोष्ट माझ्या लक्षात आली नाही. हातात किती येणार याचा आमचा अंदाज पार कोसळला आणि नव्या गावात घराचं डिपॉझिट भरताना फार ओढाताण झाली. अलीकडे आपली बरीच मराठी मुलं-मुली इथल्या सैन्यात दिसतात, आणि त्यांचे हिशेब बघताना त्याच चुका पुन्हा भेटतात. म्हणून हे सविस्तर लिहिते आहे.

आधी थोडक्यात व्यवस्था. बदलीला इथे सगळे पीसीएस म्हणतात. सामान सरकारने ठरवलेल्या कंपनीकडून पाठवता येतं, किंवा ट्रक भाड्याने घेऊन स्वतः नेता येतं. स्वतः नेण्याच्या प्रकाराचं नाव पीपीएम. जुनी मंडळी अजून त्याला ‘डिटी मूव्ह’ म्हणतात. यात तुम्ही केलेला खर्च पावतीप्रमाणे परत मिळतो असं नाही. तेवढंच वजन तेवढ्याच अंतरावर न्यायला सरकारला स्वतःला किती खर्च आला असता, तो आकडा काढतात. त्याला जीसीसी म्हणतात. पूर्वी त्याचे ९५ टक्के मिळायचे, नंतर १०० टक्के झाले. तुम्ही कमी खर्चात सामान पोचवलंत तर उरलेले पैसे तुमचे. २०२५ मध्ये १५ मे ते ३० सप्टेंबर या काळासाठी हा दर १३० टक्के केला होता. म्हणून मित्राला २०२५ च्या उन्हाळ्यात किती मिळाले हे ऐकून आपला हिशेब मांडू नका. तुमच्या तारखेला कोणता दर लागू आहे ते ट्रान्सपोर्टेशन ऑफिसात विचारा.

वजनाची मर्यादा म्हणजे तुमचं वजन नव्हे

सगळ्यात महागात पडणारी चूक हीच, आणि आम्हीही तीच केली. प्रत्येक हुद्द्याला सामानाच्या वजनाची कमाल मर्यादा ठरलेली आहे. कुटुंब सोबत असलेल्या सार्जंटला, म्हणजे ई-५ ला, ९,००० पाउंड. एकट्या ई-५ ला ७,०००. नव्याने भरती झालेल्या ई-१ ते ई-३ ला एकट्याला ५,०००, कुटुंब असेल तर ८,०००. कुटुंब असलेल्या कॅप्टनला, ओ-३ ला, १४,५००. अंदाज काढायच्या फॉर्मवर वजन विचारतात, आणि माणूस सरळ मर्यादेचा आकडा टाकून मोकळा होतो. आम्हीही ९,००० टाकले. समोर आलेली रक्कम बघून दोघांनाही हायसं वाटलं. पण पैसे काट्यावर भरलेल्या वजनाचे मिळतात, मर्यादेचे नाही. मर्यादा फक्त एवढंच सांगते की त्याच्यावरच्या पाउंडाचे पैसे मिळणार नाहीत.

मग खरा अंदाज कसा लावायचा? सैन्याचाच एक सोपा ठोकताळा आहे: दर खोलीला १,००० पाउंड. बाथरूम आणि सामान कोंबायच्या खोल्या यात धरायच्या नाहीत. मोठी यंत्रं, गॅरेजमधलं सामान वेगळं मिळवायचं. दोन बेडरूम, हॉल आणि स्वयंपाकघर म्हणजे ४,००० च्या आसपास. वर वॉशिंग मशीन, सायकली, अवजारं. आमचं घर नेमकं एवढंच होतं आणि काट्यावर भरले ५,२००. कपाटं आणि पलंग भाड्याच्या घरातले असतील, तर खोलीमागे १,००० सुद्धा जास्त होतात. याउलट आपल्या घरांत लहान दिसणाऱ्या जड वस्तू पुष्कळ असतात. आईने कुरियरने पाठवलेला दगडी खलबत्ता, पितळी समया, स्टीलचे डबे आणि पुस्तकांची खोकी यांचं वजन डोळ्यांना कळत नाही. पॅक केलेली दहा खोकी न्हाणीघरातल्या साध्या वजनकाट्यावर ठेवा, सरासरी काढा आणि खोक्यांच्या संख्येने गुणा. तासाभराचं काम आहे, आणि ठोकताळ्यापेक्षा कितीतरी खात्रीचं.

आता आमचा हिशेब सोप्या आकड्यांत सांगते. समजा सरकारी दर पाउंडाला एक डॉलर पडतो. खरा दर अंतर, हंगाम आणि वजनावर ठरतो, हे फक्त समजायला. ९,००० पाउंड लिहिले, अंदाज आला ९,००० डॉलर. त्यावर आगाऊ रक्कम मिळते, साधारण ६० टक्क्यांपर्यंत. म्हणजे ५,४०० हातात आले. काट्यावर वजन निघालं ५,२००, म्हणजे देय रक्कमच ५,२०० डॉलर. २०० तिथेच अंगावर. त्यात कर कापला जातो तो वेगळा. आगाऊ घेतलेले पैसे ट्रक, हॉटेल आणि डिपॉझिटमध्ये गेलेले, आणि वर सरकारचं देणं पगारातून वळतं केलं जातं. तरुण कुटुंबाचा महिना अशाने पार कोलमडतो. म्हणून माझा आग्रह आहे: फॉर्मवर तुमच्या अंदाजातला खालचा आकडा टाका. वजन जास्त भरलं तर फरक मिळतोच, आणि तो कधीच त्रास देत नाही.

कराला विसरू नका

पीपीएमचे पैसे करपात्र आहेत. संपूर्ण रकमेवर कर लागत नाही. मान्य खर्च वजा करून जे उरतं त्यावर लागतो, आणि केंद्राचा कर २२ टक्क्यांनी आधीच कापून घेतात. राज्याचा कर लागत असेल तर तो वेगळा. वर्षाच्या शेवटी या रकमेचा डब्ल्यू-टू, म्हणजे मिळकत आणि कापलेला कर दाखवणारा फॉर्म, येतो. वरच्याच आकड्यांत बघा: ५,२०० मिळाले, ट्रक, पेट्रोल, खोकी वगैरे मान्य खर्च २,२००, उरले ३,०००. त्यावर २२ टक्के म्हणजे ६६० कापले. खर्च आणि कर जाऊन खरोखर उरले २,३४० डॉलर. आम्ही मनात धरलं होतं ९,००० मधून २,२०० वजा, म्हणजे ६,८००. एवढा मोठा फरक दोनच कारणांनी पडला.

आणि पावत्या जपायच्या त्या यासाठीच. ‘पैसे तर वजनावर मिळतात, मग पावत्या कशाला?’ हा प्रश्न मला किमान चार जणांनी विचारला आहे. पावती हरवली की तो खर्च वजा होत नाही, आणि जो पैसा तुम्ही खर्चून बसलात त्यावरच कर भरावा लागतो. शंभर डॉलरची पावती गेली की २२ डॉलर गेले. ट्रक आणि ट्रेलरचं भाडं, त्या ट्रकचं इंधन, टोल, खोकी, चिकटपट्टी, गाद्यांची कव्हरं, सामान चढवायला लावलेल्या मजुरांचे पैसे, काट्याचं शुल्क हे खर्च चालतात. ट्रकचा विमा चालत नाही. आपली गाडी मागे ओढून न्यायला घेतलेल्या टो डॉलीचं भाडंही चालत नाही. थर्मल कागदावरच्या पावत्या उन्हात, गाडीच्या डॅशबोर्डवर दोन दिवसांत कोऱ्या होतात. प्रत्येक पावती हातात पडताक्षणी तिचा फोटो काढा.

काट्यावरची चूक

दर गाडीच्या, दर फेरीच्या दोन पावत्या लागतात: रिकामं वजन आणि भरलेलं वजन, दोन्ही प्रमाणित काट्यावरची. ट्रक-स्टॉपवर असे काटे असतात. आमची चूक कुठे झाली ते नीट सांगते, कारण ती डोळ्यांदेखत होते आणि कळत नाही.

फोर्ट ब्लिसच्या एल पासो शहरात ट्रक घेतला तेव्हा टाकी भरलेली होती. लगेच रिकामं वजन करून घेतलं. दिवसभर सामान चढवलं, संध्याकाळी उशीर झाला म्हणून ‘वाटेत करू’ म्हणालो आणि निघालो. दुसऱ्या दिवशी दुपारी काट्यावर चढलो तेव्हा इंधनाचा काटा तळाला टेकत आला होता. पेट्रोलचं एक गॅलन साधारण सहा पाउंडाचं. मोठ्या ट्रकची चाळीस गॅलन टाकी जळली असेल तर २४० पाउंड कमी. ते सामानातून वजा झाले, कारण हिशेब फक्त दोन आकड्यांच्या फरकाचा असतो. दोन्ही वजनं टाकी भरलेली असतानाच करा. दोन्ही वेळेला गाडीत कुणी बसलेलं नको. ट्रकसोबत भाड्याने घेतलेली ढकलगाडी आणि जाड पांघरुणं दोन्ही वजनांच्या वेळी गाडीतच हवीत. दुसऱ्या बदलीला मी आणि मुलगा काट्याच्या बाजूला उतरून उभे राहिलो. मागचे ट्रकवाले थांबले होते, पण कुणी हॉर्न वाजवला नाही.

पावती हातात आली की लगेच वाचा. तारीख, काट्याचं नाव-गाव, गाडीची ओळख, सैनिकाचं नाव, वजन मोजणाऱ्याची सही. काही राहिलं असेल तर तिथेच लिहून घ्या. नव्या गावी पोचल्यावर हजार मैल मागे जाता येत नाही.

घरच्या गाडीतही सामान भरणार असाल तर तिचीही दोन वजनं करा. चारशे-पाचशे पाउंड सहज निघतात, आणि अनेकांना ते सुचतच नाही.

कशाचे पैसे यात नाहीत

काही जण पीपीएमच्या अंदाजात सगळेच भत्ते मिसळतात, आणि मग कोणता पैसा कधी येणार हे कळेनासं होतं. स्वतःच्या गाडीने गेल्याचा मैलामागे मिळणारा भत्ता, ज्याला मॉल्ट म्हणतात, प्रवासाच्या दिवसांचा दैनिक भत्ता आणि घर हलवण्याचा भत्ता, म्हणजे डीएलए, हे सगळं वेगळं आहे. ते सामानावर अवलंबून नाही. भाड्याच्या ट्रकचं इंधन पीपीएमच्या खर्चात दाखवायचं. स्वतःच्या गाडीचं दाखवू नका, त्यासाठी मॉल्ट आहे. आणि अंतर फोनवरच्या नकाशाचं नाही, सरकारच्या अधिकृत अंतर-तक्त्याचं धरतात. लांबचा वळसा घेऊन गेलात म्हणून रक्कम वाढत नाही.

वजनातही सगळं धरलं जात नाही. जळाऊ लाकूड आणि बांधकामाचं साहित्य घरगुती सामान मानत नाहीत. याउलट एक सवलत बरेच जण सोडून देतात: कामाचं साहित्य, म्हणजे प्रो-गिअर. सैनिकाला २,००० पाउंडांपर्यंत आणि जोडीदाराला ५०० पाउंडांपर्यंत ते मर्यादेबाहेर धरतात. युनिटने दिलेली साधनसामग्री, कामाचे संदर्भग्रंथ यात येतात. मी नर्स आहे, माझी पुस्तकं आणि कामाचं साहित्य आम्ही त्यात घातलं. घरचं टेबल आणि साधा काँप्युटर यात बसत नाही. हे साहित्य वेगळं पॅक करा, वेगळं वजन करा आणि आधी जाहीर करा. सगळ्या खोक्यांत मिसळून टाकल्यावर नंतर वेगळं दाखवता येत नाही. मर्यादेच्या खूप खाली असाल तर याने फारसा फरक पडणार नाही. पण मोठ्या कुटुंबातल्या ई-६ ला, ज्याची मर्यादा ११,००० आहे, अगदी काठावर असताना हे हजार-दीड हजार पाउंड वाचवतात.

अर्धं सरकारी, अर्धं स्वतः

जड सामान सरकारी कंपनीकडून आणि काचेची भांडी, देव्हारा, महत्त्वाची कागदपत्रं स्वतः. हा मार्ग मला मनापासून आवडतो. काळजी एकच: दोन्हींचं वजन मिळून तुमची मर्यादा ओलांडायची नाही. कंपनीने ८,४०० नेलं आणि तुमच्या ट्रकमध्ये १,२०० निघालं, तर ९,००० च्या मर्यादेत ६०० पाउंड वर गेले आणि त्यांचे पैसे मिळणार नाहीत. आणि जे स्वतः नेता त्यात काही फुटलं, तर त्याची जबाबदारी तुमचीच.

अडलं तर

बदलीच्या ऑर्डर्स हातात येण्याआधी आणि ट्रान्सपोर्टेशन ऑफिसातलं समुपदेशन होण्याआधी ट्रक बुक करू नका. डीडी फॉर्म २२७८, म्हणजे स्वतः सामान हलवण्याचा अर्ज, भरून आणि मंजूर होऊन मगच सामान हलवायचं. घाईत आधी हलवलंत तर वजनावरचा मोबदला हातचा जाऊन फक्त प्रत्यक्ष खर्चावर समाधान मानावं लागू शकतं.

ट्रकचं रिकामं वजन निघायच्या आधी राहून गेलं असेल तर घाबरू नका. नव्या गावी सामान उतरवलं, की ट्रक परत करण्याआधी टाकी भरून काट्यावर न्या. ऊसवाल्यांसारखं, भरलेलं आधी आणि रिकामं नंतर, चालतं. पावती हरवली तर ज्या काट्यावर वजन केलं तिथे तारीख आणि वेळ सांगून दुसरी प्रत मागा. तीही मिळाली नाही तर ऑफिसला विनंती करून घनफुटामागे सात पाउंड या हिशेबाने वजन धरून मिळू शकतं, पण ते मंजुरीवर अवलंबून असतं. त्यासाठी सामानाची यादी आणि ट्रक भरलेल्या अवस्थेतले फोटो असतील तर तुमची बाजू भक्कम राहते.

दावा भरायला ४५ दिवसांची मुदत असते. ते दिवस नेमके कधीपासून मोजायचे, हे २२७८ भरताना समोरच्या माणसाला विचारून त्याच फॉर्मच्या कोपऱ्यात पेनने लिहून ठेवा.