उदारमतवादी नजरेने आंतरराष्ट्रीय करार कसा वाचावा

आंतरराष्ट्रीय संबंधांचे पेपर तपासताना उदारमतवादावरच्या, म्हणजे देशांचं वागणं देशांतर्गत गट, परस्परावलंबन आणि संस्था यांतून समजावणाऱ्या सिद्धांतावरच्या, उत्तरांत मला एक वाक्य हमखास भेटतं: 'उदारमतवाद सहकार्यावर विश्वास ठेवतो.' या वाक्याला मी गुण देत नाही. देश सहकार्य का करतात आणि कधी करत नाहीत, याची कारणं द्यावी लागतात. ती सापडावीत म्हणून विद्यार्थ्यांना मी एकच करार घेऊन बसायला सांगतो.

सुरुवातीला युद्ध किंवा तहाच्या वाट्याला जाऊ नका. ओझोन थर वाचवण्यासाठी 1987 मध्ये झालेला मॉन्ट्रिअल करार घ्या. जगातले सगळे देश त्यात सामील आहेत, त्यामुळे 'का?' हा प्रश्न तिथे ठसठशीत उभा राहतो.

आधी देशाच्या आत शिरा. 'अमेरिकेला हवं होतं' असं लिहिलंत की तुम्ही वास्तववादाच्या, म्हणजे देशाला सत्तेसाठी झटणारा एकसंध घटक मानणाऱ्या सिद्धांताच्या, अंगणात गेलात. अमेरिकेत कुणाला हवं होतं? शास्त्रज्ञ आणि पर्यावरणवादी संघटनांचा रेटा होता, स्प्रेच्या डब्यांतल्या, ओझोन थर विरळ करणाऱ्या सीएफसी वायूंवर 1978 मध्येच बंदी आली होती. आणखी निर्बंध फक्त आपल्याच देशात आले, तर परदेशी स्पर्धकांचं फावेल ही उत्पादकांची धास्ती होती. म्हणून 1986 मध्ये ड्यूपॉन्टसारख्या, हे वायू बनवणाऱ्या कंपनीनेही आंतरराष्ट्रीय मर्यादांना पाठिंबा दिला. सरकारची भूमिका अशा गटांच्या ओढाताणीतून घडते. अभ्यासक अँड्र्यू मोराव्हचिक यांनी 1997 मध्ये उदारमतवादाची नवी मांडणी केली ती याच पायावर. माझ्या मते हीच पायरी सर्वांत महत्त्वाची, आणि विद्यार्थी नेमकी हीच गाळतात.

मग पाहा, एकट्याने भागलं असतं का? ओझोनच्या बाबतीत उत्तर सोपं आहे: नाही. इतरत्र जरा खोल जावं लागतं. अभ्यासक रॉबर्ट कोहेन आणि जोसेफ नाय यांनी 1977 मध्ये परस्परावलंबनाचे दोन पदर वेगळे केले: झळ किती लवकर बसते, आणि धोरण बदलूनही ती किती टळत नाही. ज्याच्याकडे पर्याय कमी, तो वाटाघाटीत दबतो. 2022 मध्ये रशियाच्या गॅसवर विसंबलेल्या जर्मनीने हे अनुभवलं. तेव्हा 'परस्परावलंबन आहे, म्हणून शांतता आहे' असं कधीही लिहू नका.

यानंतर कराराची कलमं उघडा. आंतरराष्ट्रीय संस्था, म्हणजे अशा करारांचे नियम आणि यंत्रणा, देशांना सज्जन बनवत नाहीत. फसवणूक महाग करतात आणि दुसरा काय करतोय हे कळू देतात. मॉन्ट्रिअल करारात प्रत्येक देशाने उत्पादनाचे आणि वापराचे आकडे कळवायचे असतात, आणि बाहेर राहणाऱ्यांशी या रसायनांच्या व्यापारावर निर्बंध आहेत. 1990 मध्ये लंडनच्या बैठकीत विकसनशील देशांसाठी निधीही ठरला. चीन 1991 मध्ये आणि भारत 1992 मध्ये आला. बड्या देशाच्या ताकदीवरच सगळं घडलं, असं कुणी म्हणालं तर या निधीकडे बोट दाखवा. निव्वळ दबाव पुरला असता, तर पैसे मोजायची गरज पडली नसती.

जर्मन तत्त्वज्ञ कांटचं नाव मात्र इथे घुसडू नका. त्यांचा 1795 चा शाश्वत शांततेवरचा निबंध आणि त्यातून पुढे आलेला लोकशाही शांततेचा सिद्धांत (लोकशाही देश सहसा एकमेकांशी लढत नाहीत) मला फार मोलाचा वाटतो. पण मॉन्ट्रिअल करारावर लोकशाही नसलेल्या सोव्हिएत संघानेही सही केली होती. जे कारण लागू नाही ते सोडून द्यायला शिका.

शेवटी स्वतःच्या उत्तरावर उलटा प्रश्न टाका: काय घडलं असतं तर माझं स्पष्टीकरण कोसळलं असतं? ब्रिटिश लेखक नॉर्मन एंजेल यांनी 1910 च्या सुमारास दाखवून दिलं होतं की, आर्थिकदृष्ट्या गुंतलेल्या जगात जिंकणाऱ्यालाही युद्ध परवडत नाही. 1914 मध्ये युरोप तरीही लढला. म्हणजे तोटा दिसत असणं पुरेसं नाही. तो तोटा ज्यांना सोसावा लागतो त्यांचा आवाज निर्णय घेणाऱ्यांपर्यंत पोहोचतो का, हेही तपासावं लागतं. देशांमधल्या व्यापार तंट्यांवरची अपिलं ऐकणारं जागतिक व्यापार संघटनेचं अपील मंडळ सदस्यांच्या नेमणुका अमेरिकेने अडवल्यामुळे डिसेंबर 2019 मध्ये ठप्प झालं. नियम तेच होते, मग देशांतर्गत पाठिंबा कुठे आटला? पुढचा सराव या प्रश्नावर करा, आणि सुरुवात पुन्हा देशाच्या आतूनच करा.