जागेचा वाद घेऊन पोलीस ठाण्यात जाताना

जमीन कोणाच्या मालकीची, खरेदीखत खरं की बक्षीसपत्र, वाटणी कशी व्हावी हे पोलीस ठरवत नाहीत. ते काम दिवाणी न्यायालयाचं, आणि हद्दीची मोजणी भूमी अभिलेख कार्यालयाची. ठाण्यात दाद लागते ती फक्त कृत्याची: कोण शिरलं, काय मोडलं, कोणाला मारलं, कोणाची खोटी सही केली.

बहुतेक अर्ज पडतात ते इथेच. ‘भावकीने माझ्या जमिनीवर बेकायदा कब्जा केला, तरी न्याय मिळावा’ असं लिहिलंत की बहुधा समजपत्र हातात पडतं: बाब दिवाणी स्वरूपाची, न्यायालयात दाद मागावी. त्याऐवजी असं लिहा: ‘12 ऑगस्टला सकाळी साडेसातला माझ्या ताब्यातल्या गट नंबर अमुकमध्ये तिघे ट्रॅक्टर घेऊन शिरले, उभ्या सोयाबीनवर रोटाव्हेटर फिरवला. आडवा गेलो तर मनगट पिरगळलं आणि परत दिसलास तर तोडू म्हणाले.’ मालकीचा इतिहास दोन ओळींत उरका. आजोबांपासून सुरुवात केली की ‘दिवाणी’ असा शेरा मारायला ठाणे अंमलदार मोकळा. अर्जाला झेरॉक्सच जोडा, मूळ कागद ठाण्यात ठेवू नका आणि पोच घ्या.

साधी दुखापत आणि धमकी अदखलपात्र, म्हणजे न्यायालयाच्या आदेशाशिवाय पोलीस त्यांचा तपास करू शकत नाहीत, म्हणून एनसी (अदखलपात्र गुन्ह्याची नुसती नोंद) घेऊन बोळवण होते. पण धमकावण्याच्या किंवा त्रास देण्याच्या हेतूने केलेलं अतिक्रमण (भारतीय न्याय संहिता, कलम 329) दखलपात्र आहे, आणि एकाच घटनेत एक जरी गुन्हा दखलपात्र असला तर सगळं प्रकरण दखलपात्र धरावं लागतं. हे भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम 174 मध्येच आहे. तरीही गुन्हा नोंदवला नाही तर तक्रार पोलीस अधीक्षकांना पोस्टाने पाठवा (त्याच संहितेचं कलम 173), तिथेही काही झालं नाही तर प्रतिज्ञापत्रासह न्यायदंडाधिकाऱ्यांकडे जा (कलम 175). हे कलम 329 जपतं ते ताब्याला, मालकीला नाही. भाडेकरूला धमकवायला त्याच्या खोलीत घुसलेला घरमालकही त्यात अडकू शकतो.

दोघांना ठाण्यात बसवून तडजोडीवर सह्या घेणं, एकाकडची किल्ली दुसऱ्याला देणं, बांधकाम तोंडी थांबवणं हे पोलिसांच्या अधिकारात नाही. संशयित मालमत्ता जप्त करण्याच्या अधिकारात जमीन किंवा फ्लॅट येत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने 2019 मध्ये महाराष्ट्रातल्याच एका प्रकरणात स्पष्ट केलं. वादातून शांतताभंग होण्याची चिन्हं असतील तर पोलीस कार्यकारी दंडाधिकाऱ्यांना अहवाल देतात आणि तेही नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम 164 खाली एवढंच पाहतात, की ताबा कोणाकडे होता. अहवालाच्या आधीच्या दोन महिन्यांत बळजबरीने हुसकावलेल्याचा ताबा तिथे अजून त्याचाच धरता येतो.

खरं नुकसान ठाण्याच्या खेपांनी होतं, कारण दाव्याच्या मुदती थांबत नाहीत. ताबा गेल्यापासून सहा महिन्यांत विशिष्ट अनुतोष अधिनियम, 1963 च्या कलम 6 खाली दावा लावला तर मालकी सिद्ध करायची गरजच नसते; पूर्वी ताबा होता आणि कायदेशीर मार्गाशिवाय काढला, एवढं पुरतं. (सरकारविरुद्ध हा दावा चालत नाही.) शेताची वाट किंवा पाणी अडवलं असेल तर मामलेदार न्यायालय अधिनियम, 1906 खाली तहसीलदारांकडे जायचं, मुदत तीही सहा महिन्यांचीच. मुदत हुकली तर मालकीच्या आधारे नेहमीचा दावा राहतो, पण तो लांबतो. म्हणून पहिल्याच आठवड्यात तारखेसह फोटो, पंचनामा झाला असल्यास त्याची नक्कल आणि पीकपाहणीचा उतारा जमवून ठेवा.

मनाईहुकूम मिळाला तरी तो नुसता दाखवल्याने पोलीस शेतावर येतीलच असं नाही. त्याच न्यायालयात वेगळा अर्ज करून पोलीस संरक्षणाचा आदेश मागा आणि त्याची प्रमाणित प्रत ठाण्यात द्या. समोरच्याने हुकूम मोडला तर अर्ज न्यायालयातच करायचा (दिवाणी प्रक्रिया संहिता, आदेश 39, नियम 2अ). त्यात मालमत्तेची जप्ती आणि तीन महिन्यांपर्यंत दिवाणी कैद होऊ शकते.