सांद्रिन बोनेर यांचे चित्रपट कोणत्या क्रमाने पाहावेत

फ्रान्समधील स्वतंत्र वळणाच्या चित्रपटांत वाढलेल्या अभिनेत्रीची कारकीर्द समजून घ्यायची, तर पुरस्कारांच्या यादीपेक्षा तिचे मोजके चित्रपट ओळीने पाहणे अधिक उपयोगाचे ठरते. १९६७ साली जन्मलेल्या सांद्रिन बोनेर यांच्यासाठी चार चित्रपट पुरेत.

आरंभ मोरिस पियाला यांच्या ‘आ नोझामूर’ने (१९८३) करावा. त्यात बोनेर मुलीच्या भूमिकेत आहेत आणि वडिलांची भूमिका दिग्दर्शक पियाला यांनीच केली आहे. रात्रीच्या एका संभाषणात वडील मुलीच्या गालावरची एक खळी नाहीशी झाल्याचे बोलून दाखवतात. तो प्रसंग एकदा संवादांसाठी आणि एकदा उपशीर्षकांकडे न पाहता, फक्त बोनेर यांच्या चेहऱ्यासाठी पाहावा.

दुसरा चित्रपट आन्येस वार्दा यांचा ‘सां त्वा नि ल्वा’ (१९८५), म्हणजे ‘ना छप्पर, ना कायदा’. थंडीने गोठून मेलेली भटकी तरुणी मोना सुरुवातीलाच चरात सापडते आणि तिला भेटलेली माणसे तिच्याविषयी सांगू लागतात. प्रत्येकाचे म्हणणे कागदावर टिपून ठेवावे. मग ध्यानात येते की बोनेर यांची मोना त्यांतल्या एकाही वर्णनात पुरती मावत नाही, आणि प्रेक्षकाकडे दयेची याचना तर ती कुठेच करत नाही. पाठीवर ओझे घेऊन चालणाऱ्या मोनाबरोबर कॅमेरा उजवीकडून डावीकडे सरकतो, तेव्हा तिच्या चालीकडे लक्ष द्यावे. माझ्या मते त्यांचा सर्वांत मोठा अभिनय या चालण्यातच आहे. या भूमिकेसाठी सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा सेझार हा फ्रान्सचा राष्ट्रीय चित्रपट पुरस्कार मिळाला, तेव्हा त्या अवघ्या अठरा वर्षांच्या होत्या.

जाक रिवेत यांचा जोन ऑफ आर्कवरील दोन भागांचा प्रदीर्घ चित्रपट (१९९४) सवडीने पाहिला तरी चालेल. क्लोद शाब्रोल यांचा ‘ला सेरेमोनी’ (१९९५) मात्र टाळू नये. त्यातील मोलकरणीला वाचता येत नाही आणि ती ते जिवापाड लपवते. लिहिलेला कागद समोर आला की बोनेर यांचे शरीर कसे आखडते, ते पाहावे. व्हेनिसच्या चित्रपट महोत्सवात त्यांना आणि इझाबेल यूपेर यांना अभिनेत्रीचा पुरस्कार विभागून मिळाला.

शेवटी ‘एल सापेल साबीन’ (२००७) हा साबीन या स्वमग्न (ऑटिझम असलेल्या) बहिणीवर त्यांनी स्वतः दिग्दर्शित केलेला माहितीपट पाहावा. घरगुती जुन्या चित्रफितींतील उत्साही साबीन आणि मनोरुग्णालयातील पाच वर्षांनंतरची मंदावलेली साबीन आळीपाळीने समोर येतात, आणि बोनेर बहुतेक वेळ कॅमेऱ्यामागे राहतात. त्या दिवशी दुसरा चित्रपट लावू नये.