कमिट अडला? आधी हुक बघा

शिरोलीच्या फाउंड्र्या, साखर कारखाने यांची सॉफ्टवेअरं करणाऱ्या आमच्या छोट्या टीममध्ये नवी पोरं येतात ती बहुतेक कोल्हापुरातलीच. कोडमधल्या बदलांची नोंद ठेवणारं गिट कॉलेजात ॲड, कमिट (बदलांची नोंद करणं), पुश (ती सर्व्हरला पाठवणं) एवढंच झालेलं. मग कमिट अडतो आणि हाक येते, "दादा, गिट बिघडलंय!" बिघडलेलं काही नसतं, हुकनं अडवलेलं असतं.

हुक म्हणजे ठरावीक क्षणी गिट आपणहून चालवतं ती स्क्रिप्ट. प्रोजेक्टच्या डॉट-गिट फोल्डरमधलं 'हुक्स' उघडा. आत नमुन्याच्या फाइली असतात. नावाचं 'सॅम्पल' हे शेपूट काढायचं, लिनक्सवर फाइलला चालवायची परवानगी द्यायची, झालं. कमिटच्या आधी चालणाऱ्या प्री-कमिट स्क्रिप्टनं शून्य परत दिलं तर कमिट होतो, दुसरा कुठलाही आकडा दिला तर थांबतो.

तपासायचं असतं ते स्टेज केलेलं, म्हणजे ॲड करून कमिटसाठी ठेवलेलं. ॲड केल्यावर तुम्ही फाइल पुन्हा बदलली असेल, तर फोल्डरमधली फाइल वेगळी आणि कमिटमध्ये जाणारी वेगळी. म्हणून स्टेज केलेल्या फाइलींच्या नावांची यादी 'गिट डिफ --कॅश्ड --नेम-ओन्ली'नं काढा, आणि मजकूरही फोल्डरमधला नाही, स्टेज केलेलाच तपासा.

इथंच आपल्याकडची एक खास गोची आहे. रिपोर्टच्या फाइलींना आपण 'ऊस-वजन' अशी मराठी नावं देतो. गिट मात्र असं नाव अवतरणात घालून \३४० \२४४ अशा आकड्यांत छापतं. त्या नावाची फाइल स्क्रिप्टला सापडत नाही, आणि स्क्रिप्ट ढिली लिहिलेली असेल तर फाइल गुपचूप वगळली जाते. यादी मागताना '-झेड' लावा, किंवा गिटचं 'कोअर.कोटपाथ' हे सेटिंग फॉल्स करा.

प्रोजेक्ट क्लोन केला, म्हणजे त्याची प्रत आपल्या मशीनवर उतरवली, तरी हुक बरोबर येत नाहीत. २०१६ च्या गिट २.९ पासून हुक कुठल्या फोल्डरात आहेत हे सांगणारं 'कोअर.हुक्सपाथ' हे सेटिंग आहे, स्क्रिप्टा प्रोजेक्टच्याच एका फोल्डरात कमिट करून ठेवून प्रत्येकानं आपल्या मशीनवर ते एकदा सेट करायचं. तरीही '--नो-व्हेरिफाय' लिहून कुणीही प्री-कमिटला बगल देऊ शकतो. सगळ्या टेस्ट त्यात कोंबल्या तर पोरं पहिल्यांदा हेच शिकतात, आणि त्यांचं चुकतं असं मला वाटत नाही. दोन-तीन सेकंदांत उरकेल तेवढंच तिथं ठेवा. सक्तीचा नियम सर्व्हरवरच्या प्री-रिसीव्हमध्ये, म्हणजे पुश स्वीकारण्याआधी तिथं चालणाऱ्या हुकमध्ये. (गिटसारखंच काम करणाऱ्या जुन्या सबव्हर्जनमध्ये प्री-कमिटच सर्व्हरवर चालतो, तिथं ही पळवाट नाही.)

नवा प्रोजेक्ट हातात आला की 'गिट कॉन्फिग कोअर.हुक्सपाथ' चालवा. काहीच छापलं नाही, तर डॉट-गिटमधलं हुक्स फोल्डर वाचा, आणि मगच पहिला कमिट करा.