जुना कन्सोल संगणकावर: एम्युलेटर उघडण्याआधीची तयारी

सगळ्यात आधी कार्ट्रिजमधले सेव्ह, म्हणजे खेळातली जतन केलेली प्रगती, वाचवा. एम्युलेटर, म्हणजे जुन्या कन्सोलची नक्कल करून त्याचे खेळ संगणकावर चालवणारा प्रोग्रॅम, आज उतरवला काय आणि महिन्याभराने उतरवला काय, तो कुठे पळून जात नाही. कार्ट्रिजमधला चपटा सेल मात्र कपाटात पडल्या पडल्या संपत असतो. एनईएस, सुपर एनईएस, मेगा ड्राइव्ह, गेम बॉय या पिढ्यांमधल्या ज्या कार्ट्रिजमध्ये खेळ जतन होतो, त्यांतल्या बहुतेकांत एक छोटी रॅम असते आणि तिला जागं ठेवायला हा सेल असतो. सेल संपला की रॅम पुसली जाते. ज्या कार्ट्रिजमध्ये घड्याळही चालतं तिथे सेल आणखी लवकर संपतो. माझ्या एका कार्ट्रिजचा सेल मी कार्ट्रिज वाचणारं उपकरण येण्याची वाट पाहत असताना गेला. खेळाची प्रत नंतर अगदी नीट निघाली, पण शेवटच्या टप्प्यापर्यंत नेलेला तो सेव्ह गेला तो गेलाच. म्हणून माझी यादी इथूनच सुरू होते.

कार्ट्रिज संगणकाला जोडून वाचणाऱ्या उपकरणाला डंपर म्हणतात. एकच कन्सोल वाचणारे साधे डंपर असतात, तसे अनेक कन्सोलची कार्ट्रिज घेणारेही. कार्ट्रिज लावण्याआधी त्याचे धातूचे दात (जोडणीच्या पट्ट्या) कापसाच्या काडीने, आयसोप्रोपिल अल्कोहोल लावून पुसा आणि पूर्ण वाळू द्या. मग पहिलं काम सेव्ह वाचण्याचं. एकदा वाचून थांबू नका. कार्ट्रिज काढा, पुन्हा बसवा, पुन्हा वाचा आणि दोन्ही फाइली ताडून पाहा. फरक निघाला तर दात अजून मळलेले आहेत किंवा कार्ट्रिज तिरकं बसलंय. गेम बॉय आणि सुपर एनईएसचे बरेच सेव्ह ८ किंवा ३२ किलोबाइटचे असतात. फाइल योग्य आकाराची असूनही आत सगळीकडे एकच अंक भरलेला दिसला, तर तो सेव्ह नव्हे, रिकामं वाचन आहे. हे सगळं होईपर्यंत सेल बदलायला कार्ट्रिज उघडायचं नाही.

प्लेस्टेशनवाल्यांसाठी हेच काम मेमरी कार्डाचं. पहिल्या प्लेस्टेशनच्या कार्डात १२८ किलोबाइट जागा असते, वापरायला १५ ब्लॉक. या कार्डांना सेल लागत नाही, त्यामुळे घाई थोडी कमी, पण कार्डं जुनी झालीत हे खरंच. कार्ड वाचणारं अडॅप्टर मिळालं तर पूर्ण कार्डाची एकच प्रत काढून ठेवा. एकेक सेव्ह निवडत बसू नका.

आता कन्सोल ठरवा, आणि एकच ठरवा. रेट्रोआर्चसारख्या एकाच खिडकीतून वीस कन्सोल चालतात हे पाहून सगळे एका दिवशी मांडण्याची इच्छा होते. मी तसं करू नये असंच सांगेन. आवाज अडखळला, चित्र ताणलं गेलं, बटण चुकीचं लागलं, तर दोष कुठे शोधायचा हे एका कन्सोलपुरतं समजतं. वीस एकदम मांडले की काहीच कळत नाही. एनईएससाठी मेसेन, सुपर एनईएससाठी स्नेस९एक्स किंवा बीस्नेस, गेम बॉय अ‍ॅडव्हान्ससाठी एमजीबीए, पहिल्या प्लेस्टेशनसाठी डकस्टेशन, दुसऱ्यासाठी पीसीएसएक्स२, निन्टेन्डोच्या गेमक्यूब आणि वी या कन्सोलसाठी डॉल्फिन, पीएसपीसाठी पीपीएसएसपीपी, अशी निवड करून त्या एकाची घडी आधी बसवा. उतरवताना त्या प्रकल्पाच्या स्वतःच्या ठिकाणाहूनच उतरवा. नावाची नक्कल करून भलताच इन्स्टॉलर देणाऱ्या जागा या क्षेत्रात फार आहेत.

संगणकाला हे झेपेल का, हा प्रश्न कन्सोलच्या वयावरून सुटत नाही. १९८३ सालच्या फॅमिकॉमचा (एनईएसच्या जपानी रूपाचा) प्रोसेसर १.७९ मेगाहर्ट्झचा, म्हणजे आजचा कुठलाही लॅपटॉप त्याला पुरून उरतो, हे खरं. पण एम्युलेटर किती काटेकोर आहे त्यावर भार बदलतो. सुपर एनईएसचा तोच खेळ स्नेस९एक्सवर अगदी हलका चालतो आणि बीस्नेसवर बराच जास्त प्रोसेसर मागतो, कारण बीस्नेस मूळ यंत्रातल्या चिप्सची वेळ बारकाईने पाळतो. २००० सालचा प्लेस्टेशन २ तर वेगळाच प्रकार: मुख्य प्रोसेसर जेमतेम २९५ मेगाहर्ट्झचा, पण त्याच्या जोडीला गणित करणारी दोन व्हेक्टर युनिट आणि वेगळी ग्राफिक्स चिप, सगळे एकमेकांच्या तालावर. ते नाटक उभं करताना संगणकाच्या कोअरची संख्या फारशी कामी येत नाही, एकेका कोअरचा वेग येतो. ग्राफिक्स कार्डाचे ड्रायव्हर मात्र कन्सोल कुठलाही असो, आधी अद्ययावत करून घ्या.

जागेचा हिशोब सोपा आहे. कार्ट्रिजचे खेळ किलोबाइट ते काही मेगाबाइट इतकेच. निन्टेन्डो ६४ चं सर्वांत मोठं कार्ट्रिजसुद्धा ६४ मेगाबाइटचं. सीडीचा खेळ सातशे मेगाबाइटपर्यंत जातो, डीव्हीडीचा चार-साडेचार गिगाबाइटपर्यंत आणि दुहेरी थराची डिस्क असेल तर त्याच्याही पुढे.

डिस्कची प्रत काढताना लोक जिथे हमखास चुकतात ती जागा म्हणजे फाइलचा प्रकार. पहिल्या प्लेस्टेशनची सीडी साध्या आयएसओ प्रकारच्या फाइलीत काढू नका. आयएसओमध्ये प्रत्येक सेक्टरचे, म्हणजे डिस्कवरच्या माहितीच्या एकेका तुकड्याचे, २०४८ बाइट येतात. सीडीवरचा पूर्ण सेक्टर २३५२ बाइटचा असतो आणि अनेक खेळांचं संगीत डिस्कवर वेगळ्या ऑडिओ ट्रॅकमध्ये असतं. आयएसओ काढलात तर खेळ कदाचित सुरू होईल, पण संगीत नसेल किंवा मधला चित्रपट अडकेल, आणि तुम्ही एम्युलेटरच्या सेटिंगमध्ये दोष शोधत बसाल. प्रत बिन आणि क्यू या जोडीतच काढा. क्यू ही छोटी टेक्स्ट फाइल असते, कुठला ट्रॅक कुठे सुरू होतो ते तिच्यात लिहिलेलं असतं. बिनचं नाव बदललंत तर क्यू उघडून आतलं नावही बदलावं लागतं. प्लेस्टेशनच्या काही युरोपीय खेळांत लिबक्रिप्ट नावाचं नक्कलविरोधी कुलूप आहे. त्याची खूण डिस्कवर मुख्य माहितीच्या बाजूने असलेल्या सबचॅनल नावाच्या छोट्या भागात असते, ती साध्या प्रतीत येत नाही, म्हणून अशा डिस्कसोबत ती खूण वेगळी नोंदवणारी एसबीआय फाइलही लागते. प्लेस्टेशन २ च्या डीव्हीडीला आयएसओ चालतो. गेमक्यूब आणि वीच्या डिस्क घरच्या डीव्हीडी ड्राइव्हवर सहसा वाचल्याच जात नाहीत. त्या वी कन्सोलवरूनच काढाव्या लागतात. ड्रीमकास्टच्या जीडी-रॉमचीही तीच अडचण, कारण तिच्या दाट भागापर्यंत साधा ड्राइव्ह पोचत नाही.

प्रत निघाली की तिचा हॅश, म्हणजे फाइलीतल्या माहितीवरून निघणारा ठशासारखा आकडा, काढून पडताळा. कार्ट्रिजसाठी नो-इन्ट्रो आणि डिस्कसाठी रीडम्प या दोन याद्यांमध्ये चांगल्या प्रतींचे सीआरसी३२, एमडी५ आणि एसएचए-१ आकडे नोंदलेले असतात. तुमचा आकडा जुळला की फाइलबद्दलची शंका कायमची मिटते, आणि पुढे काही बिघडलं तर दोष दुसरीकडे आहे हे ठामपणे म्हणता येतं. माझ्या मते या यादीत सगळ्यात जास्त वेळ वाचवणारी पायरी हीच. एक बारकावा लक्षात ठेवा: एनईएसच्या फाइलीला सुरुवातीला १६ बाइटचं हेडर, म्हणजे फाइलीबद्दलची माहिती सांगणारा तुकडा, असतं, आणि सुपर एनईएसच्या काही जुन्या फाइलींना ५१२ बाइटचं. हेडर धरून आणि हेडर सोडून काढलेले हॅश वेगळे येतात, त्यामुळे आकडा जुळला नाही म्हणून लगेच कार्ट्रिजला दोष देऊ नका. पडताळणी झाल्यावर डिस्कच्या प्रती सीएचडी प्रकारात दाबून ठेवता येतात. त्यासाठीचं सीएचडीमॅन हे साधन मेम या आर्केड खेळांच्या एम्युलेटरबरोबर येतं, आणि दाबताना माहितीचा एक बिटही जात नाही.

बायोस, म्हणजे कन्सोल सुरू करणारा त्याच्या आतला मूळ प्रोग्रॅम, लागतो की नाही, हे कन्सोलवर अवलंबून. एनईएस, सुपर एनईएस, मेगा ड्राइव्ह यांच्या साध्या कार्ट्रिजना बायोस लागत नाही. डॉल्फिन आणि पीपीएसएसपीपी त्याच्याशिवाय चालतात. एमजीबीएकडे स्वतःची पर्यायी सोय आहे. पहिल्या आणि दुसऱ्या प्लेस्टेशनला मात्र तो हवाच. पहिल्याची बायोस फाइल ५१२ किलोबाइटची, दुसऱ्याची मुख्य फाइल ४ मेगाबाइटची. ती बनवणाऱ्या कंपनीच्या मालकीची आहे, म्हणूनच एम्युलेटर ती सोबत देत नाहीत. आपल्या स्वतःच्या कन्सोलमधून काढावी. खेळांच्या बाबतीतही मी हाच नियम पाळते: ज्याचं कार्ट्रिज किंवा डिस्क माझ्याकडे आहे, त्याचीच फाइल माझ्या संगणकावर. आपल्याच डिस्कची प्रत काढण्याबद्दल देशोदेशीचे कायदे सारखे नाहीत, तेही आधी पाहून घ्या. बायोस काढताना त्याचा प्रदेश नोंदवा, जपानी, अमेरिकी की युरोपीय, कारण तो खेळाच्या प्रदेशाशी जुळलेला बरा.

फोल्डरची मांडणी आता करा, नंतर नको. एका मूळ फोल्डरमध्ये खेळ, बायोस, सेव्ह आणि एम्युलेटर असे चार भाग पुरेत. विंडोजवर हा फोल्डर प्रोग्रॅम फाइल्समध्ये ठेवू नका. तिथे लिहायची परवानगी अडते, आणि सेव्ह झाला असं वाटूनही तो झालेला नसतो. फोल्डरांना मराठीत नावं द्यावीशी वाटतात, मलाही वाटतात, पण काही जुने एम्युलेटर देवनागरी नावाच्या वाटेवरची फाइल उघडत नाहीत. तेव्हा इथे इंग्रजी अक्षरं आणि छोटी नावं. डकस्टेशन आणि डॉल्फिन यांच्या फोल्डरमध्ये इंग्रजीत पोर्टेबल नावाची रिकामी टेक्स्ट फाइल ठेवली की त्यांची सगळी सेटिंग आणि सेव्ह त्याच फोल्डरात राहतात. मग पूर्ण फोल्डर उचलून दुसऱ्या संगणकावर नेता येतो. क्लाउडशी आपोआप जुळणाऱ्या फोल्डरमध्ये चालू सेव्ह ठेवू नका. खेळ लिहीत असतानाच ती सेवा फाइल उचलते आणि दोन निरनिराळ्या प्रती तयार होतात.

कंट्रोलर तारेने जोडून सुरुवात करा. बिनतारी जोडणी सगळं नीट चालल्यावर. निन्टेन्डोच्या कंट्रोलरवर ए उजवीकडे आणि बी खाली असतं, एक्सबॉक्सच्या कंट्रोलरवर ए खाली आणि बी उजवीकडे. बटणं जुळवताना अक्षराकडे पाहू नका, जागेकडे पाहा; अंगठ्याला जागाच आठवत असते. मेगा ड्राइव्हचे काही सुरुवातीचे खेळ सहा बटणांच्या पॅडवर गोंधळतात, तिथे तीन बटणांचा पर्याय निवडा. प्लेस्टेशन २ ची बटणं किती जोराने दाबली हे ओळखायची, आजच्या बहुतेक कंट्रोलरना ते जमत नाही. कीबोर्डवर खेळणार असाल तर तीन-चार कळा एकत्र दाबून सगळ्या नोंदल्या जातात का ते आधी पाहा. बंदुकीचे खेळ जुन्या काचेच्या टीव्हीच्या किरणावर अवलंबून होते. एम्युलेटरमध्ये ते काम माउस करतो.

पडद्याचा प्रश्न मला सगळ्यात आवडतो, कारण इथे थोडं गणित केलं की चित्र एकदम स्वच्छ होतं. एनईएसचं चित्र २५६ बाय २४० ठिपक्यांचं, पण ते टीव्हीवर चारास तीन या प्रमाणात दिसायचं, म्हणजे ठिपके चौकोनी नव्हते, किंचित रुंद होते. एम्युलेटरमध्ये हे प्रमाण निवडलं नाही तर माणसं सडपातळ दिसतात, आणि पूर्ण पडदा भरण्याच्या हट्टाने ताणलं तर जाडजूड. उंचीचं गणित असं: १४४० ओळींच्या पडद्यात २४० बरोबर सहा वेळा बसतात आणि २१६० मध्ये बरोबर नऊ वेळा. १०८० मध्ये साडेचार वेळा, आणि तो अर्धा घोटाळा करतो. काही ओळी जाड, काही बारीक होतात आणि चित्र सरकताना लाट आल्यासारखी दिसते. १०८० च्या पडद्यावर पूर्णांकी स्केलिंग चालू करा, चार पटीत ९६० ओळी घ्या आणि वर-खाली काळी पट्टी राहू द्या. चित्र काचेच्या टीव्हीसारखं दाखवणारे शेडर, म्हणजे चित्रावर चढणारे फिल्टर, त्यानंतर लावून पाहा. त्या काळच्या चित्रकारांनी ठिपके पसरून मिसळणार हे गृहीत धरूनच रंगांची जाळी विणली होती. बऱ्याच धबधब्यांचं आणि सावल्यांचं खरं रूप शेडर लावल्यावरच दिसतं.

वेगाचंही बघून घ्या. जपानी आणि अमेरिकी खेळ सेकंदाला साधारण ६० चित्रांचे, युरोपीय टीव्हीच्या पाल पद्धतीचे खेळ ५० चे. ६० हर्ट्झच्या पडद्यावर पाल खेळात दर पाच ताज्या चित्रांमागे एक चित्र दोनदा दिसतं, आणि सरकताना बारीक धक्का जाणवतो. तो एम्युलेटरचा दोष नाही. पडदा ५० वर नेता येत असेल तर न्या, किंवा बदलत्या रिफ्रेशचा पडदा वापरा. बटण दाबणं आणि उडी यांत अंतर वाटलं तर आधी टीव्हीचा गेम मोड चालू आहे का ते पाहा, मग व्हीसिंक (चित्र पडद्याच्या तालावर दाखवण्याची सोय), मग रेट्रोआर्चमधलं, खेळ थोडा पुढे चालवून हे अंतर कमी करणारं रन-अहेड. रन-अहेड एका चित्रापासून सुरू करा. जास्त वाढवलं की हालचालीतली चित्रं गायब होतात.

पहिली चाचणी आवडत्या खेळावर घेऊ नका. त्यासाठी २४०पी टेस्ट सूट नावाचा मोफत प्रोग्रॅम आहे, तो एनईएस, सुपर एनईएस, मेगा ड्राइव्ह अशा बऱ्याच कन्सोलवर चालतो. त्यात जाळी पाहून प्रमाण कळतं, सरकणारं चित्र पाहून धक्का कळतो आणि आवाज चित्राबरोबर येतो का तेही कळतं. तो नीट चालला की मग खेळ लावा. खेळाच्या आतून जतन करा, एम्युलेटर पूर्ण बंद करा, पुन्हा उघडा, सेव्ह दिसतो का पाहा. सेव्ह स्टेटवर विसंबून राहू नका: तो एम्युलेटरच्या त्या क्षणीच्या स्मृतीचा फोटो असतो आणि अपडेटनंतर बऱ्याचदा उघडत नाही. खेळाने स्वतः लिहिलेला सेव्ह मात्र एका एम्युलेटरमधून दुसऱ्यात सहसा नेता येतो.

शेवटी कार्ट्रिजमधून काढलेला तो जुना सेव्ह सेव्हच्या फोल्डरमध्ये ठेवा आणि त्याला खेळाच्या फाइलीचंच नाव द्या. काही एम्युलेटर शेवटची अक्षरं एसएव्ही मागतात, काही एसआरएम, तेवढं बदलावं लागतं. खेळ उघडून तुमचं नाव आणि तुमची जागा दिसली, की सेव्हचा फोल्डर वेगळ्या डिस्कवर उतरवा. आता कार्ट्रिज उघडायला हरकत नाही: जुना सेल काढा, पट्ट्या लावलेला नवा सेल डागा आणि डंपरला लिहिता येत असेल तर तोच सेव्ह परत कार्ट्रिजमध्ये लिहा.