गावातल्या वीरगळाची नोंद कशी करावी

वीरगळ, म्हणजे लढताना मेलेल्या वीराचा कोरीव स्मारक-दगड, खालून वर वाचायचा. तळाच्या चौकटीत पडलेला वीर (शेजारी गाई असतील तर बहुधा गोधन वाचवताना मेलेला), मग लढाई, मग त्याला स्वर्गात नेणाऱ्या अप्सरा, सर्वांत वर शिवलिंगाची पूजा आणि चंद्र-सूर्य. चौकटी कमी-जास्त असू शकतात.

फोटो भर दुपारी काढू नका, कोरीवकाम सपाट दिसतं. सकाळी लवकर काढा, किंवा अंधार पडल्यावर दगडाच्या अगदी कडेला टॉर्च धरून काढा. झिजलेली अक्षरंही उठून येतात. अक्षरांत खडू किंवा पीठ मात्र भरू नका. फोटोत पट्टी ठेवा. उंची, रुंदी, जाडी सेंटिमीटरमध्ये, दगडाचं तोंड कोणत्या दिशेला आणि मोबाइलवरचे अक्षांश-रेखांश लिहून घ्या.

माती मऊ ब्रशने झाडा, फार तर साधं पाणी. तारेचा ब्रश आणि ॲसिड नकोच. दगडफूल खरवडलं की खालचा पापुद्राही निघतो. जीर्णोद्धाराच्या उत्साहात फासलेला ऑइलपेंट सर्वांत वाईट: ओल आत कोंडते आणि दगड सोलत जातो.

अर्धा गाडलेला असला तरी उपटू नका. जमिनीत पुरलेलं काही सापडलं तर 1878 च्या निखात निधी कायद्यानुसार जिल्हाधिकाऱ्यांना कळवावं लागतं.