जपानी पद्धतीची कालवांची लटकती शेती: बीज धरण्यापासून काढणीपर्यंत

कालवांच्या शेतीत खाद्याचा खर्च नसतो, ही गोष्ट सर्वांत आधी ध्यानात घ्यावी, कारण पुढचे सगळे निर्णय तिच्यावर अवलंबून आहेत. जपानमध्ये 1928 साली वासाबुरो नोआमी यांनी कागावा प्रांतातील आडो तलावात यलोटेल मासा वाढवण्यास सुरुवात केली, तेव्हापासून तेथील मत्स्यशेतीची एक शाखा रोज खाद्य टाकण्यावर उभी राहिली. कालवांची शाखा तिच्याहून कितीतरी जुनी असून तिची रीत उलट आहे. कालव एका जागी चिकटून राहते, पाणी आत ओढते, त्यातील सूक्ष्म वनस्पती गाळून खाते आणि उरलेले पाणी बाहेर सोडते. त्यामुळे कालवांना खाऊ घालण्याचे काम खाडीच करते. शेतकऱ्याच्या हाती दोनच गोष्टी राहतात: बीज, म्हणजे कालवांची बारीक पिल्ले, धरण्याची वेळ साधणे आणि एका पाण्यात किती कालवे टांगायची हे ठरवणे. यांतील दुसरी गोष्ट अधिक अवघड आहे, आणि जपानला ती शिकायला फार वर्षे लागली.

जागा आणि हक्क

लाटांचा मारा नसलेली, पण भरती-ओहोटीने पाणी खेळते राहील अशी खाडी किंवा उपसागर निवडावा. त्यात नदी येऊन मिळत असेल तर उत्तम, कारण डोंगरावरून वाहून येणाऱ्या क्षारांवरच सूक्ष्म वनस्पती पोसतात. हिरोशिमाच्या उपसागरात ओता नदी येते आणि जपानच्या कालवांपैकी निम्म्याहून अधिक उत्पादन एकट्या हिरोशिमा प्रांतातून होते. मियागी प्रांतातील केसेन्नुमाचे कालवशेतकरी शिगेआत्सु हाताकेयामा यांनी 1989 पासून आपल्या सोबत्यांना घेऊन नदीच्या उगमाकडील डोंगरावर झाडे लावली. समुद्रात काम करणाऱ्या माणसाने कुदळ घेऊन डोंगर चढावा, हे प्रथम ऐकताना विचित्र वाटते. पण जागा निवडताना नुसता किनारा पाहून भागत नाही, नदीचे खोरेही पाहावे लागते, एवढेच त्यामागचे तर्कशास्त्र आहे.

जपानमध्ये समुद्राचा तुकडा कोणालाही अडवता येत नाही. 1949 च्या मत्स्यव्यवसाय कायद्याने ठरवून दिलेल्या चौकटीत प्रांताचा गव्हर्नर विशिष्ट क्षेत्रातील शेतीचा हक्क देतो, आणि गावोगावच्या मच्छीमार सहकारी संस्था तो हक्क आपल्या सभासदांत वाटून वापरतात. कोणी किती तराफे टाकायचे हा प्रश्न त्यामुळे एकट्या शेतकऱ्याचा न राहता संपूर्ण गावाचा होतो.

जमिनीवरून पाण्यात

हिरोशिमात ही शेती सोळाव्या शतकापासून चालत आली आहे असे मानले जाते. सुरुवातीला ओहोटीला उघड्या पडणाऱ्या जमिनीवर दगड पसरून त्यांवर कालवे धरत असत. पुढे बांबूच्या फांद्या गाळात रोवण्याची रीत आली. या फांद्यांना ‘हिबी’ म्हणतात. दोन्ही पद्धतींची मर्यादा एकच होती. जेवढी उथळ जमीन, तेवढेच पीक, आणि ओहोटीच्या काळात कालवे उपाशी. 1920 च्या दशकात हिदेमी सेनो आणि ओकिनावाचे शिन्साकू मियागी यांनी कानागावा प्रांतातील कानाझावा येथे कालवे दोरीला टांगून पाण्यात सोडण्याचे प्रयोग केले. टांगलेले कालव चोवीस तास पाण्यात राहते, म्हणून चोवीस तास खाऊ शकते. शिवाय खोल पाण्याचाही उपयोग होतो. दुसऱ्या महायुद्धानंतर हिरोशिमात बांबूचे तराफे आले आणि शेती किनारा सोडून उपसागराच्या मध्याकडे सरकली. आज जपानमध्ये प्रामुख्याने हीच लटकती पद्धत चालते, म्हणून येथून पुढे तिचेच टप्पे दिले आहेत.

बीज धरणे

उन्हाळ्यात समुद्राचे पाणी 20 अंश सेल्सिअसच्या पुढे जाऊन चांगले तापले की कालवे अंडी व शुक्रपेशी पाण्यात सोडतात. एक मोठी मादी कोट्यवधी अंडी सोडते. त्यांतून निघालेल्या अळ्या साधारण दोन आठवडे प्रवाहाबरोबर तरंगतात आणि सुमारे 0.3 मिलिमीटरच्या झाल्या की चिकटण्यासाठी कठीण पृष्ठभाग शोधू लागतात. एकदा चिकटलेले पिल्लू आयुष्यभर जागा बदलत नाही. त्यामुळे नेमक्या त्या दिवसांत आपला पृष्ठभाग पाण्यात असला पाहिजे.

हा पृष्ठभाग म्हणजे स्कॅलप या शिंपल्याचे रिकामे कवच. उत्तर जपानमध्ये स्कॅलपच्या शेतीतून अशा कवचांचे ढीग निघतात, ते येथे कामी येतात. प्रत्येक कवचाच्या मध्यभागी भोक पाडावे आणि कवचे तारेत ओवावीत. दोन कवचांमध्ये प्लॅस्टिकच्या नळीचा दीड-दोन सेंटीमीटर लांबीचा तुकडा घालावा, म्हणजे ती एकमेकांवर बसणार नाहीत. अशा माळा आधीच तयार करून कोरड्या जागी ठेवाव्यात, पण पाण्यात सोडण्याची घाई करू नये. कवच आठवडाभर आधी पाण्यात पडले तर त्यावर शेवाळाचा बुळबुळीत थर बसतो, खडकावर वाढतात ती टोकदार कवचाची बार्नॅकल जागा अडवतात आणि कालवाच्या अळ्यांना बसायला जागा उरत नाही. उशीर झाला तर अळ्या निघून गेलेल्या असतात.

म्हणून बीजाच्या हंगामात प्रांताच्या संशोधन केंद्रांतील माणसे ठरावीक ठिकाणांहून बारीक जाळीने पाणी गाळून आणतात, सूक्ष्मदर्शकाखाली अळ्या मोजतात, त्यांपैकी किती चिकटण्याच्या वयाला आल्या आहेत हे पाहतात आणि शेतकऱ्यांना कळवतात. संदेश मिळाला की माळा भरलेल्या होड्या निघतात. दोन-तीन दिवसांनी एक माळ वर काढून पाहावी. कवचाच्या गुळगुळीत आतल्या बाजूवर तिरपा उजेड पाडला की मोहरीहूनही लहान, तपकिरी ठिपके दिसतात. बोट फिरवल्यास ते खरखरीत लागतात. एका कवचावर असे काही डझन ठिपके पुरेसे आहेत. त्याहून फार जास्त असतील तर पुढे ती पिल्ले एकमेकांना ढकलत वाकडीतिकडी वाढतात.

बीज काटक करणे

नवशिक्याला हा टप्पा अनावश्यक वाटतो. माझ्या मते मात्र सगळ्या पद्धतीतील सर्वांत शहाणपणाचा टप्पा हाच आहे. धरलेले बीज लगेच खोल पाण्यात टांगत नाहीत. ते किनाऱ्याजवळच्या लाकडी मांडवांवर अशा उंचीला ठेवतात की रोज ओहोटीला काही तास ते उघडे पडेल. जपानीत याला ‘योकुसेई’, म्हणजे आवर घालणे, म्हणतात. उघडे असताना पिल्लाला खाता येत नाही, म्हणून त्याची वाढ मंदावते. पण कवच घट्ट मिटून पाणी आत धरून ठेवण्याची सवय त्याला लागते, दुबळी पिल्ले गळून जातात आणि कवचावरचे उपद्रवी जीव उन्हावाऱ्याने मरतात. हा काळ काही महिन्यांचा असतो आणि अनेकदा पुढच्या वसंतापर्यंत चालतो.

या काटकपणाने जपानी कालवाला जगभर पोहोचवले. 1919 साली योकोहामाहून अमेरिकेच्या वॉशिंग्टन राज्यातील सॅमिश उपसागरात कालवे पाठवण्यात आली. मोठी कालवे प्रवासात मेली, परंतु त्यांच्या कवचांना चिकटलेली बारीक पिल्ले जगली आणि वाढली. मोठे कालव पाठवण्यापेक्षा बीज पाठवावे, हा धडा त्यातून मिळाला. त्यानंतर मियागी प्रांतातील मान्गोकुउरा या शांत खाडीतले बीज अनेक दशके अमेरिकेला जात राहिले. 1970 च्या सुमारास फ्रान्समधील कालवे विषाणूच्या रोगाने मेली, तेव्हा तेथील शेतीही मियागीच्या बीजावरच पुन्हा उभी राहिली.

तराफा आणि पुन्हा ओवणे

काटक झालेल्या बीजाच्या माळा सोडवून कवचे सुटी करावीत आणि नव्या, लांब तारेत पुन्हा ओवावीत. या वेळी दोन कवचांमधील नळी सुमारे 20 सेंटीमीटरची असावी, कारण प्रत्येक कवचाभोवती आता कालवांचा झुपका वाढणार आहे. हिरोशिमातील तार सुमारे 9 ते 10 मीटर लांब असते आणि तिच्यात 40 च्या आसपास कवचे बसतात. तराफा बांबूंचा, साधारण 20 मीटर लांब आणि 10 मीटर रुंद असतो; त्याखाली तरंगण्यासाठी फोमचे पिंप बांधतात. एका तराफ्याला 600 हून अधिक तारा टांगल्या जातात. वजन वाढत जाते तसतसे पिंप वाढवावे लागतात, नाहीतर तराफा एका कोपऱ्यात बुडू लागतो. ईशान्य जपानमधील सान्रिकूच्या मोकळ्या किनाऱ्यावर लाटा मोठ्या असल्याने तराफ्याऐवजी पिंपांना बांधलेले लांब दोर वापरतात.

किती टांगावे

खाद्य विकत आणायचे नसल्यामुळे आणखी एक तराफा टाकण्याचा मोह सहज होतो. मात्र खाडीतील सूक्ष्म वनस्पती ठरावीकच असतात. तराफे दुप्पट झाले तर प्रत्येक कालवाच्या वाट्याला निम्मे अन्न येते. वाढ लांबते, मांस बारीक राहते आणि तळाशी साचलेल्या विष्ठेमुळे खालच्या पाण्यातील प्राणवायू कमी होतो.

मियागी प्रांतातील मिनामिसान्रिकू येथील तोकुरा गावाने हे प्रत्यक्ष अनुभवले. 2011 च्या त्सुनामीआधी तेथे दोर दाटीने बांधलेले होते आणि कालव विक्रीयोग्य व्हायला दोन ते तीन वर्षे लागत. लाटेत सगळेच वाहून गेले. नव्याने उभारणी करताना, बऱ्याच वादानंतर, गावाने एकत्रितपणे दोरांची संख्या सुमारे एक तृतीयांशावर आणली आणि दोन दोरांमधील अंतर 15 मीटरवरून 40 मीटर केले. त्यानंतर कालवे एका वर्षात तयार होऊ लागली. 2016 मध्ये या गावाला जबाबदार जलशेतीचे आंतरराष्ट्रीय एएससी प्रमाणपत्र मिळाले. जपानमध्ये ते मिळवणारे हे पहिलेच. घरातील तरुणाला ‘दोर कमी करा’ असे सांगणे किती कठीण गेले असेल याची कल्पना करता येते, कारण ज्याचे सर्वस्व गेले आहे तो जास्तीत जास्तच टांगू पाहणार.

पाणी फार स्वच्छ झाले तरीही अडचण येते. हिरोशिमा ज्याच्या काठी आहे त्या सेतो अंतर्गत समुद्रातील प्रदूषण रोखण्यासाठी 1973 मध्ये विशेष कायदा झाला, पाणी सुधारले, आणि पुढे मासेमारांकडून पोषक क्षार अपुरे पडत असल्याच्या तक्रारी येऊ लागल्या; 2021 च्या दुरुस्तीने काही भागांत क्षारांचे प्रमाण सांभाळण्याची मुभा दिली. तांबड्या पाण्यावरही, म्हणजे सूक्ष्मजीव बेसुमार वाढून पाण्याचा रंग बदलतो त्यावर, लक्ष ठेवावे. हेटेरोकॅप्सा नावाचा सूक्ष्मजीव शिंपल्यांना मारतो, आणि 1990 च्या दशकात हिरोशिमाच्या कालवांचे त्याने मोठे नुकसान केले.

काढणी

काढणी साधारण ऑक्टोबरपासून वसंतापर्यंत चालते. क्रेन लावलेली होडी तार वर उचलते आणि झुपके सोडवून धुतले जातात. कवच फोडणाऱ्या कामगारांना हिरोशिमात ‘उचिको’ म्हणतात. कालव डाव्या हातात धरून, छोट्या लोखंडी हत्याराचे टोक कवचांच्या फटीत घालून आतला जोडस्नायू कापला की कवच सैल पडते; सरावलेला हात हे काही सेकंदांत करतो.

कच्चे खाण्याची आणि शिजवून खाण्याची कालवे वेगळी विकावीत. हा फरक ताजेपणाचा नसून कोणत्या पाण्यातून काढली आणि नंतर काय प्रक्रिया केली याचा आहे. कच्च्या कालवांत 100 ग्रॅममागे ई. कोलाय जिवाणू 230 च्या वर नसावेत असा जपानी नियम आहे, आणि त्यासाठी निर्जंतुक केलेल्या समुद्रपाण्यात ती ठरावीक काळ ठेवतात. उलट्या-जुलाब घडवणारा नोरोव्हायरस हा विषाणू मात्र या पाण्याने खात्रीने जात नाही. म्हणून शिजवताना मधल्या भागाचे तापमान 85 ते 90 अंशांवर किमान 90 सेकंद राहिले पाहिजे.

कोकणच्या खाडीत हे वापरताना

महाराष्ट्रात कांदळवन क्षेत्रातील उपजीविका योजनेत कालवपालनाचा समावेश आहे, त्यामुळे हा प्रश्न अनेक बचतगटांना पडतो. आपली कालवे वेगळ्या जातींची आहेत, आणि पावसाळ्यात खाडीत गोडे पाणी येते, म्हणून जपानी वेळापत्रक जसेच्या तसे उचलू नये. आपल्या खाडीत पिल्ले केव्हा चिकटतात हे पाहण्यासाठी पाऊस ओसरल्यापासून दर पंधरवड्याला पाच-पाच रिकाम्या कवचांची एक माळ सोडावी, ती पुढच्या पंधरवड्याला वर काढून ठिपके मोजावेत आणि तारखेसह वहीत लिहून ठेवावेत. दोन हंगामांची अशी वही हाती असल्याशिवाय मोठा तराफा बांधू नये.